सही केलो, खरं वाचलो नाही

सरकारी नोकराच्या हातात आरोपपत्र पडलं की तो आधी कायदा शोधत नाही, ओळख शोधतो. आमदारांचा पीए कोण, साहेब कुठल्या गावचे, साहेबांच्या सासुरवाडीकडचं कुणी आपल्या पाहुण्यांत बसतं का, असा तपास आठ-पंधरा दिवस चालतो. उत्तर द्यायची मुदत त्यातच संपून जाते. मग एखाद्या रविवारी कुणीतरी त्याला बेळगावात वडगावला माझ्या घरी आणून सोडतं. हातात साडीच्या दुकानाची पिशवी, पिशवीत कागद, कागदांवर कन्नड टायपिंग आणि खाली त्याची स्वतःची सही. मी विचारतो, ह्यात काय लिहिलंय माहीत आहे का? जवळजवळ प्रत्येकाचं उत्तर एकच: "सही केलो वो, खरं वाचलो नाही."

मी वकील नाही. एका सरकारी खात्यात आस्थापनेच्या टेबलावर माझी सगळी नोकरी झाली. नेमणुका, बदल्या, रजा, वेतनवाढी, आणि ज्याच्यावर कारवाई व्हायची त्याची फाईल, हे सगळं त्या टेबलावर. आरोपपत्रं टाईप करून वर पाठवणारा मीच, त्यामुळे ती कशी तयार होतात हे मी आतून पाहिलंय. जुन्या फाईलमधलं एक आरोपपत्र काढायचं, नाव आणि तारखा बदलायच्या, 'कर्तव्यात कसूर' आणि 'सरकारी नोकराला न शोभणारं वर्तन' ही दोन वाक्यं तशीच ठेवायची. कसूर कसली, कुठल्या दिवशी, कुणासमोर, कुठल्या कागदावरून, हे जोडपत्रांत यायला हवं. आरोप, आरोपांचा तपशील, कागदपत्रांची यादी, साक्षीदारांची यादी, अशी चार जोडपत्रं असतात. तपशिलाच्या जोडपत्रात पुष्कळदा आरोपाचंच वाक्य दोन शब्द इकडेतिकडे करून पुन्हा लिहिलेलं असायचं.

पुढे सहकारी मला बचावाला उभं करू लागले. विभागीय चौकशीत वकील सहसा लावता येत नाही. दुसऱ्या सरकारी नोकराला मदतीला घेता येतं. खात्याने आपल्या बाजूला कायदा शिकलेला माणूस बसवायचा आणि कर्मचाऱ्याला मात्र वकील नाकारायचा, हे चालणार नाही असं सुप्रीम कोर्टाने मुंबई बंदराच्या एका कर्मचाऱ्याच्या प्रकरणात १९८३ साली सांगितलंय. आमच्याकडे तालुक्याच्या पातळीवर दोन्ही बाजूंना कारकूनच असतात, म्हणून हा प्रश्न फारसा येत नाही. टेबलाच्या दोन्ही अंगांना बसणं मात्र त्यामुळे माझ्या वाट्याला आलं.

राज्यघटनेचं कलम ३११ सगळ्यांनी ऐकलेलं असतं. त्याच्या आधीचं ३१० फारसं कुणी वाचत नाही. त्यात लिहिलंय की सरकारी नोकर राष्ट्रपतींच्या किंवा राज्यपालांच्या मर्जीने पदावर राहतो. ही मर्जी इंग्लंडच्या राजाकडून चालत आलेली. ३११ तिला लगाम घालतं. ज्याने नेमलं त्याच्याहून खालच्या अधिकाऱ्याने काढायचं नाही. आणि काढायचं किंवा खालच्या पदावर उतरवायचं तर आरोप कळवून, चौकशी करून, बाजू मांडायची वाजवी संधी देऊन. १९३५ च्या कायद्यातही अशा संधीचं वाक्य होतं. वाजवी म्हणजे किती, ते १९५७ साली खेमचंद प्रकरणात सुप्रीम कोर्टाने उलगडून सांगितलं. आरोप काय आणि कशावरून हे कळलं पाहिजे, म्हणजे ते नाकारता येतील. साक्षीदारांना उलट प्रश्न विचारता आले पाहिजेत. आपले साक्षीदार आणता आले पाहिजेत. आणि ठरवलेल्या शिक्षेवरही बोलता आलं पाहिजे. यातली शेवटची पायरी १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने काढून घेतली. पुढे १९९० आणि १९९३ च्या निकालांनी एक खिडकी पुन्हा उघडली: चौकशी दुसऱ्या अधिकाऱ्याने केली असेल तर त्याच्या अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला आधी द्यायची, त्याचं म्हणणं घ्यायचं, मगच निर्णय. माझ्याकडे येणारे निम्मेअधिक लोक या खिडकीपाशी पोचल्यावर येतात. तोवर साक्षी झालेल्या असतात आणि उलट प्रश्नांच्या जागी लिहिलेलं असतं, 'विचारायचे नाहीत'.

आमचा बेळगाव जिल्हा, चंदगड तालुका वगळून, १ नोव्हेंबर १९५६ ला मुंबई राज्यातून म्हैसूरमध्ये गेला. पुढच्याच वर्षीचे नागरी सेवांचे वर्गीकरण, नियंत्रण आणि अपील नियम आजही कर्नाटकात चालतात. कचेरीत त्यांना नुसतं 'सीसीए' म्हणतात. निलंबन नियम १०, मोठ्या शिक्षेची चौकशी नियम ११, किरकोळ शिक्षा नियम १२, आणि लोकायुक्तांकडे चौकशी सोपवायची तर १४-अ. आमच्याकडे अशी घरं आहेत की १ नोव्हेंबरला बाप काळ्या दिनाच्या फेरीला जातो आणि मुलगा राज्योत्सवाच्या झेंडावंदनाला कचेरीत हजर असतो. रात्री दोघं एकाच घरात जेवतात. त्या मुलाची नोकरी या सीसीएच्या हातात असते, आणि ते पुस्तक घरात कुणी उघडून पाहिलेलं नसतं.

याच सरहद्दीच्या घोळातून आलेला एक निकाल मला नेहमी आठवतो. मुंबई राज्याच्या नोकरीतला एक फौजदार, त्याच्यावर चौकशी झाली. राज्यांची पुनर्रचना झाली आणि खटला म्हैसूर सरकारच्या नावाने सुप्रीम कोर्टात गेला. तो निकाल कर्मचाऱ्यांना गोड लागणारा नाही. साक्षीदाराचा जबाब आधी कर्मचाऱ्याच्या पाठीमागे नोंदवला असला तरी चालेल, चौकशीत तो शब्द न शब्द पुन्हा नोंदवायची गरज नाही, असं कोर्ट म्हणालं. पण त्याच दमात अटही घातली: साक्षीदार समोर आला पाहिजे, जबाब त्याला वाचून दाखवून त्याने तो आपला म्हणून मान्य केला पाहिजे, प्रत कर्मचाऱ्याला मिळाली पाहिजे आणि उलट प्रश्न विचारू दिले पाहिजेत. विभागीय चौकशी म्हणजे कोर्ट नव्हे. पुराव्याचा कायदा तिथे काटेकोर लागत नाही, संशयापलीकडे सिद्ध करायचं ओझंही नसतं. इतकं सगळं सैल असल्यावर उरतं ते एवढंच की माणसाला समोरासमोर बोलू दिलं का.

एका मास्तरांची हकीकत सांगतो. खानापूर तालुक्यात घाटाच्या अंगाला एक मराठी शाळा. बाकीच्या जागा रिकाम्या, मास्तर एकटे. शिकवायचं त्यांनी, मतदार यादीचं काम त्यांनी, आणि अक्षर दासोहाचं, म्हणजे दुपारच्या जेवणाचं, तांदूळ-डाळीचं रजिस्टर लिहायचंही त्यांनीच. पावसाळ्यात एक दिवस तालुक्याहून पथक आलं. रजिस्टरातली शिल्लक एक, खोलीतली दुसरी. महजर, म्हणजे जागेवरचा पंचनामा, झाला, मास्तरांनी सही केली. महिन्याभरात निलंबन आणि पाठोपाठ आरोपपत्र. त्यात शब्द होता अपहार.

महजर कन्नडमध्ये होता आणि मास्तरांना कन्नड उत्तम येत होतं. मी म्हणालो, "मास्तर, वाचायचं तरी." ते म्हणाले, "साहेब उभे होते वो. त्यांच्यासमोर मी वाचत बसलो तर काय म्हणतील?" या उत्तरावर मी पुष्कळ विचार केलाय. आमच्याकडच्या अर्ध्या चौकश्या या एका भीतीवर उभ्या आहेत. साहेबांसमोर कागद वाचणं म्हणजे साहेबांवर अविश्वास दाखवणं, असं शिपायापासून मुख्याध्यापकांपर्यंत सगळ्यांना वाटतं.

घरच्यांचा सल्ला ठरलेला होता. माफी लिहून द्या, साहेब चांगले आहेत, सांभाळून घेतील. मास्तरांनी माफीपत्र लिहून आणलंही होतं. 'माझ्या हातून घडलेल्या चुकीबद्दल' अशी सुरुवात. कुठली चूक, ते त्यात नव्हतं. आरोपपत्रात अपहार लिहिलेला असताना अशी माफी फाईलला लागली, की पुढे चौकशी करणारा म्हणतो, आरोप मान्य आहे, साक्षी कशाला? मी तो कागद बाजूला ठेवला आणि त्यांना चहा दिला. त्यांचा मेव्हणा माझ्यावर चिडला. म्हणाला, तुम्ही प्रकरण वाढवायलाय.

चौकशी अधिकारी बैलहोंगलकडचे होते, कन्नड, कडक, कमी बोलणारे. पथकातल्या अधिकाऱ्याची साक्ष झाली. मास्तरांच्या वतीने मी उलट प्रश्न विचारले. तांदळाचं वजन केलंत का? पोती मोजली. सगळी पोती भरलेली होती? काही उघडलेली होती. उघडलेल्यांत किती होतं? अंदाज घेतला. शाळेत काटा होता? होता. इथे खात्याच्या बाजूचा माणूस मध्ये पडला, हे प्रश्न विषयाला सोडून आहेत म्हणाला. चौकशी अधिकारी मान वर न करता म्हणाले, "तडीरी, अवर मातु मुगीली." थांबा, त्यांचं बोलणं संपू दे. मग मी विचारलं, काटा वापरला? नाही.

पुढचा प्रश्न मास्तरांना आला. रजिस्टर रोज लिहिलं होतं का? नव्हतं. कितीतरी दिवसांच्या नोंदी नंतर एकदम भरलेल्या होत्या, एकाच पेनाने. मी त्यांना आधीच सांगून ठेवलं होतं की हे विचारतील आणि खरं तेच सांगायचं. त्यांनी सांगितलं. अहवालात आलं: अपहार सिद्ध होत नाही, नोंदींत निष्काळजीपणा सिद्ध होतो. एक वेतनवाढ रोखली आणि नोकरी राहिली. मास्तर त्या वेतनवाढीसाठी बरेच दिवस हळहळत होते. मला ती शिक्षा योग्य वाटली, आणि तसं मी त्यांना सांगितलं.

बाजू मांडायची संधी ही निर्दोष माणसाची चैन आहे, असा एक समज आहे. चोर नाही तर घाबरतो कशाला, आणि चोर असेल तर ऐकायचं कशाला. माझा अनुभव उलटा. पूर्ण निर्दोष माणूस फार क्वचित माझ्याकडे आला. आलेल्यांतले बहुतेक थोडं चुकलेले होते. रजेचा अर्ज उशिरा दिला, पावतीबुक घरी नेलं, साहेबांनी तोंडी सांगितलं म्हणून सही केली. थोड्या चुकीला मोठं नाव लागतं तेव्हाच सुनावणीची खरी गरज पडते, कारण निष्काळजीपणा आणि अपहार यांच्यातलं अंतर फाईलवरून दिसत नाही. त्या खोलीत काट्याचा प्रश्न विचारला तर दिसतं. जो पूर्ण चोर आहे त्याचं पितळ उलट प्रश्नांतही उघडं पडतंच. तशा एकाचा बचाव मी केला होता. हरलो, आणि हरायलाच हवं होतं. पण त्याला काढलं ते त्याचं सगळं ऐकून, आणि त्यामुळे तो आदेश पुढे कुठल्या कोर्टात पडला नाही. हे खात्यातल्या साहेबांना कळत नाही. घाईने काढलेला लबाड माणूस पाच वर्षांनी मागच्या पगारासह परत येऊन शेजारच्या टेबलावर बसतो, तेव्हा कळतं.

आता डिक्टेशनबद्दल. विभागीय चौकशीत साक्ष जशीच्या तशी क्वचितच उतरते. अधिकारी ऐकतो आणि टायपिस्टला सारांश सांगतो. एका उशिरा येण्याच्या प्रकरणात गावातली म्हातारी साक्षीला आली होती. ती मराठीत म्हणाली, "बस चुकली की गुरुजी उशिरा येत्यात, नायतर आमच्या आधी शाळेत." कागदावर उतरलं: शिक्षक उशिरा येतात. बस गेली आणि दुसरं अर्धं वाक्यही गेलं. मराठीचं कन्नड करताना हे झालं असं म्हणणं आमच्या भागात सोपं आहे, आणि तसं म्हटलं की दहा माणसं मागे उभीही राहतात. मी त्या खोलीत होतो. तिथे मराठी माणूस मराठीत सारांश सांगत असता तरी बस गेलीच असती, कारण सारांश सांगणाऱ्याला आरोपाशी जुळणारा भाग तेवढा ऐकू येतो. त्याच ठिकाणी, सही व्हायच्या आधी, उभं राहून म्हणायचं असतं की साहेब, बसचं घ्या. घेतलं नाही तर त्याच दिवशी लेखी अर्ज द्यायचा आणि पोच घ्यायची.

हे त्या खोलीतच का करायचं, तर वर गेल्यावर करता येत नाही म्हणून. पूर्वी आमच्या लोकांना राणी चन्नम्मा एक्सप्रेसने रात्रभर प्रवास करून बेंगळुरूला केएटीत, म्हणजे राज्याच्या प्रशासकीय न्यायाधिकरणात, जावं लागायचं. आता न्यायाधिकरणाचं पीठ बेळगावात आहे आणि त्यापुढे हायकोर्टाचं धारवाडात. वाट जवळ झाली म्हणून लोक निर्धास्त होतात. पण न्यायाधिकरण असो की हायकोर्ट, ते पुरावा पुन्हा तोलत नाहीत. नियम पाळले का, काहीतरी पुरावा होता का, शिक्षा मनाला धक्का बसावा इतकी अवाजवी आहे का, एवढंच पाहतात. चौकशीत जी आमटी शिजली तीच वर वाढली जाते, मीठ राहिलं असेल तर तिथे कुणी घालत नाही. ज्या कर्मचाऱ्याने काट्याचा प्रश्न विचारला नाही, त्याच्यासाठी तो हायकोर्टात कितीही मोठ्या वकिलाला सहसा विचारता येत नाही. एक आधार आहे. नुसता कागद फाईलला लावला म्हणजे पुरावा झाला असं नाही. तो कुणीतरी येऊन सिद्ध करावा लागतो. एका बँक कर्मचाऱ्याच्या प्रकरणात, त्याचा म्हणून सांगितलेला कबुलीजबाबसुद्धा पुराव्यावाचून पुरेसा नाही, असं सुप्रीम कोर्टाने २००८ साली म्हटलं. न वाचता केलेल्या सह्यांच्या प्रदेशात हा निकाल भिंतीवर चिकटवून ठेवण्यासारखा आहे.

भाषेचा प्रश्न आहेच, तो टाळत नाही. कलम ३५० म्हणतं की कुठल्याही माणसाला आपल्या गाऱ्हाण्याच्या निवारणासाठी, संघराज्यात किंवा त्या राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत, कुठल्याही अधिकाऱ्याकडे निवेदन देता येतं. आरोपपत्राचं उत्तर असं निवेदन ठरतं का यावर वकील वाद घालतील. शिक्षेविरुद्धचं अपील तर सरळच गाऱ्हाणं आहे. भाषिक अल्पसंख्य १५ टक्के असतील तिथे सरकारी सूचना त्यांच्याही भाषेत द्याव्यात, असे संकेत १९५६ आणि १९६१ पासून आहेत. ते जनतेसाठी. सरकारी नोकराची गोष्ट अवघड आहे, कारण कन्नडची परीक्षा पास झाल्याचा कागद त्याच्याच सेवापुस्तकात असतो. महाराष्ट्रातल्या एका स्थानबद्धाला कारणं फक्त इंग्रजीत दिली आणि त्याने मागूनही हिंदीत दिली नाहीत, म्हणून सुप्रीम कोर्टाने १९६२ साली त्याला सोडलं होतं. तो निकाल मला लोक दाखवतात. तो माणूस तुरुंगात होता, नोकरीत नव्हता, आणि इंग्रजी येत असल्याचं सर्टिफिकेट त्याने सरकारकडे दिलेलं नव्हतं.

मी उत्तर आधी मराठीत लिहायला लावतो आणि मग त्याची कन्नड प्रत करून दोन्ही देतो. आमच्या चळवळीतल्या मित्रांना हे पटत नाही. मराठीतच द्या, कन्नड जोडायचं कशाला, असं ते म्हणतात. त्यांना लढा लढायचा आहे, मला मास्तरांची नोकरी वाचवायची आहे. दोन्ही कामं एकाच कागदावर होत नाहीत. मराठी आधी अशासाठी की आपल्या भाषेत माणूस नको ते मान्य करत नाही. थेट कन्नडमध्ये लिहायला बसला की कचेरीतली ठरीव वाक्यं हाताखाली येतात, आणि कचेरीतल्या प्रत्येक ठरीव वाक्यात एक माफी असते.

निलंबनाबद्दल थोडं. निलंबन ही शिक्षा नाही असं कायदा म्हणतो. गल्लीत कुणाला हे सांगून बघा. सुरुवातीला अर्धा पगार निर्वाह भत्ता म्हणून मिळतो, तोही दर महिन्याला मागावा लागतो. कोलारच्या सोन्याच्या खाणीतल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याचं प्रकरण यासाठी कर्नाटकातल्या प्रत्येक नोकराला ठाऊक असायला हवं. १९८५ साली त्याच्या घरावर छापा पडला, साडेचार ग्रॅमचा सोन्याचा गोळा आणि सोन्याचे कण असलेली वाळू सापडल्याचं म्हणणं होतं. फौजदारी खटला आणि विभागीय चौकशी दोन्ही चालू झाल्या. निर्वाह भत्ता दिला नाही. केरळातल्या गावाहून कोलारला चौकशीला यायला त्याच्याकडे पैसे नव्हते, प्रकृतीही बरी नव्हती. त्याच्या माघारी चौकशी उरकली आणि १९८६ मध्ये त्याला काढलं. १९८७ मध्ये फौजदारी कोर्टाने त्याला निर्दोष सोडलं. छापाच सिद्ध झाला नाही. सुप्रीम कोर्टातून न्याय मिळायला १९९९ उजाडलं. ज्याच्या खिशात चौकशीला यायचं भाडं नाही त्याला संधी दिली असं म्हणता येत नाही, हा त्या निकालाचा गाभा. २०१५ मध्ये आणखी एक निकाल आला: तीन महिन्यांत आरोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे ओढू नये. माझ्याकडे येणाऱ्यांत तीन महिन्यांची आठवण फार थोड्यांना असते. निलंबित माणूस घरी बसून साहेबांचं मन वळायची वाट बघत असतो.

माझा एक मित्र मोठ्या पदावरून निवृत्त झालाय. संध्याकाळी आम्ही फिरायला जातो तेव्हा त्याचं एकच पालुपद: ह्या सगळ्या नियमांनी लाचखाऊ वाचतात. चौकशी सात-आठ वर्षं ओढतात आणि निवृत्त होऊन पेन्शन घेतात. तो अगदीच चुकीचं बोलत नाही. मुद्दाम तारखा मागणारे, आजारपणाची सर्टिफिकेटं जोडणारे मीही पाहिलेत. पण आस्थापनेच्या टेबलावरून मला दिसलं ते असं की बहुतेक विलंब खात्याचाच असतो. चौकशी अधिकाऱ्याची बदली होते, नवा नेमायला वर्ष जातं, मूळ रजिस्टर ऑडिटला गेलेलं असतं ते परत येत नाही. चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवावी असं सुप्रीम कोर्टाने २०१५ मध्ये सांगितलं, ते कुठल्याही कचेरीत कुणी मनावर घेतलेलं मला दिसलं नाही. मित्राला सरळ काढायचा अधिकार हवा असतो. तोही घटनेत आहे: फौजदारी गुन्हा शाबीत झाला, किंवा चौकशी करणं व्यवहारात शक्यच नाही, किंवा राज्याच्या सुरक्षेचा प्रश्न आहे, तर चौकशीवाचून काढता येतं, आणि १९८५ साली सुप्रीम कोर्टाने ते उचलूनही धरलंय. शक्य का नाही, याची कारणं मात्र लिहावी लागतात. माझा मित्र इथे गप्प होतो. नोकरीत असताना त्याला कारणं लिहायचा कंटाळा होता, हे मला ठाऊक आहे.

या सगळ्यातून बाहेर राहिलेले लोकही आहेत. आमच्या गल्लीतल्या कंडक्टरला ३११ लागू नाही. तो महामंडळाचा कामगार, त्याची वाट लेबर कोर्टाची. विनातिकीट प्रवासी सापडला तर त्या प्रवाशाची साक्ष झालीच पाहिजे असं नाही, हा हरियाणातला १९७७ चा निकाल त्याला तोंडपाठ आहे, कारण तो प्रत्येक वेळी त्याच्याच विरुद्ध वापरला जातो. अनुदानित मराठी हायस्कुलातले शिक्षक संस्थेचे नोकर. त्यांना कर्नाटक शिक्षण कायदा १९८३ चं कलम ९२ आहे, चौकशीवाचून काढता येत नाही, आणि कलम ९४ खाली तीन महिन्यांत अपील आहे. ती मुदत संस्थाचालकांच्या घरी फेऱ्या मारण्यात जाते.

सगळ्यांत बाहेर अंगणवाडीतल्या बायका. मानधनावर काम, आणि सरकारी पद नाही. कर्नाटकातल्याच एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २००६ साली तसं स्पष्ट सांगितलं, त्यामुळे न्यायाधिकरणाचं दारही बंद. मागे एक अक्का आली, सीमेलगतच्या खेड्यातली. अंडी आणि पोषण आहार वाटपाबद्दल गावातून कुणीतरी तक्रार केली होती, आणि सुपरवायझरने तोंडी सांगितलं होतं, उद्यापासून येऊ नका. कागद एकही नाही. ती म्हणाली, "मला काय कलम-बिलम नाही म्हणत्यात वो, मग मी विचारू कसं?"

कलम नसेल, पण नियम त्याच्याहून जुना आहे. ओडिशातल्या एका सरकारी डॉक्टरबाईंची जन्मतारीख त्यांना पुरतं न ऐकता बदलून त्यांना आधीच निवृत्त केलं होतं. तेव्हा, १९६७ साली, सुप्रीम कोर्टाने सांगितलं की माणसाच्या हक्कावर परिणाम करणारा आदेश नुसता प्रशासकीय असला तरी आधी त्याचं ऐकायला हवं. आम्ही त्यावर बेतून साधा अर्ज लिहिला. तक्रारीची प्रत द्या. बंद करायचं असेल तर लेखी आदेश द्या. त्याआधी माझं म्हणणं ऐका. तोवर मी कामावर येत आहे, हजेरी घ्या. अर्ज मराठीत, खाली कन्नड. अर्धं पानसुद्धा भरलं नाही, त्यामुळे अक्काला तो अपुरा वाटत होता. तिला आपण किती वर्षं इमानाने काम केलं ते सगळं लिहायचं होतं. ते सुनावणीत सांग म्हटलं.

अर्ज घेऊन ती भाच्याबरोबर कचेरीत गेली. टपालाचा कारकून पोच द्यायला तयार नव्हता. साहेब मीटिंगला गेलेत, ठेवून जा, मी दाखवतो म्हणाला. भाचा म्हणाला, चल, परवा येऊ. अक्काने त्याला बाहेर चहा प्यायला पाठवलं आणि स्वतः टेबलासमोरच्या बाकावर बसली. दुपारी कारकून जेवून आला तरी ती तिथेच. चारच्या सुमारास त्याने आवक क्रमांक घातला, शिक्का मारला आणि प्रत तिच्याकडे सरकवून म्हणाला, इथे पोच मिळाल्याची सही करा. तिने पेन बाजूला ठेवलं, चष्मा लावला, आणि शिक्क्यावरची तारीख आजचीच आहे का ते आधी वाचून घेतलं. ती आदल्या दिवसाची होती. कारकुनाला ती बदलून द्यावी लागली.